तुम्ही विचारा, मी सांगते : ती 'गुरचेन्को' का 'हुरचेन्को'?

मागच्या अंकात एका वहिनींनी विचारलं होतं की रिटायर झाल्यावर दुपारचा वेळ कसा घालवता, आणि मी सहज चार ओळीत लिहून टाकलं की जेवण झालं की मोबाईल पाण्याच्या तांब्याला टेकवून उभा करते आणि जुने रशियन सिनेमे बघते, त्यातली ल्युद्मिला गुरचेन्को नावाची नटी मला फार आवडते, पन्नासच्या वर वर्षं काम केलं बाईनं. संपलं. मला वाटलं कोण वाचतंय. पण बेळगाव, खानापूर, निपाणी, पार हुक्केरीकडनं पत्रं आली, व्हॉट्सॲपवर आवाजी मेसेज आले, एकानं तर 'अक्का तुमी कम्युनिस्ट हाय काय' म्हणून विचारलं. नाही हो, मी कॉलनीच्या पाण्याच्या मीटिंगला जायचा पण कंटाळा करते. तर या वेळचा अख्खा कॉलम त्या बाईला देऊन टाकते, कुंद्याची रेसिपी विचारणाऱ्यांनी एक महिना थांबा.

टिळकवाडीहून एक काका : ही म्हणजे 'मेरा नाम जोकर'मधली रशियन पोरगी का? सर्कसवाली?

नाही काका. पण तुमचं चुकलं असं पण म्हणवत नाही, कारण आपल्या पिढीत रशियन बाई म्हटलं की डोळ्यासमोर तीच उभी राहते. ती क्सेनिया र्‍याबिन्किना, मॉस्कोच्या बोल्शोय थिएटरची बॅले डान्सर, सिनेमा १९७० चा. मूळची नटी नव्हेच ती, नाचणारी. गुरचेन्को वेगळी. तिचा जन्म १२ नोव्हेंबर १९३५ चा, म्हणजे 'आवारा' १९५४ मध्ये तिकडं लागला आणि अख्खा देश 'आवारा हूं' म्हणत फिरायला लागला त्या वेळी ती मॉस्कोत सिनेमाच्या कॉलेजात शिकत होती. आपण त्यांना राज कपूर दिला, त्यांनी आपल्याला काय दिलं तर 'सोव्हिएत देश' मासिक. आठवतंय का ते? मराठीत यायचं, गुळगुळीत जाड कागद, रंगीत फोटो. वाचत कोण होतं देव जाणे, पण जूनमध्ये वह्यापुस्तकांना कव्हर घालायला त्याच्यासारखा कागद नव्हता. माझ्या पाचवीच्या भूगोलावर वर्षभर एक ट्रॅक्टर चालवणारी बाई हसत होती. गुरचेन्को कुणाच्या गणितावर होती का माहीत नाही, असेल तर माळ्यावर बघा की.

खानापूर तालुक्यातला, सध्या पुण्यात नोकरीला असलेला एक पोरगा : अक्का, सुट्टीला घरी आलो तवा तुमचा कॉलम वाचलो. मग नेटवर बघितलो तर कुठं रशियन म्हणून लिवलंय, कुठं युक्रेनची म्हणून. खरं काय?

तू 'वाचलो, बघितलो' असं लिहिलास ना, ते मी मुद्दाम सुधारलं नाही, कारण तुझ्या प्रश्नाचं उत्तर तिथंच आहे बघ.

गुरचेन्को खार्किवची. तेव्हा सगळाच सोव्हिएत संघ, त्यातलं युक्रेनचं शहर, आजच्या युक्रेनात, आणि रशियाची हद्द तिथनं तीस-चाळीस किलोमीटर. म्हणजे महाराष्ट्राची हद्द म्हटलं की आपल्याला शिनोळी किंवा निपाणीकरांना कोगनोळीचा टोलनाका जसा, तसलाच प्रकार, थोडं लांब इतकंच. अशा गावात भाषा कशी असते ते पुण्यामुंबईच्या माणसाला सांगून कळत नाही. घरात एक, बाजारात दुसरी, भांडताना तिसरी. तिच्या बोलण्यात रशियनमधला 'ग' यायचा नाही, त्या जागी 'ह'सारखा एक आवाज यायचा, तिकडच्या दक्षिणेच्या लोकांचा तसा येतो. युक्रेनी भाषेत तिचं आडनावच 'हुरचेन्को' म्हणतात. आणि ही पोरगी १९५३ मध्ये, अठराची पण पुरी नाही, मॉस्कोला सिनेमाच्या सरकारी इन्स्टिट्यूटमध्ये गेली, व्हीगिक म्हणतात त्याला, तिथं सेर्गेय गेरासिमोव आणि तमारा माकारोवा या नवराबायकोच्या वर्गात. गेरासिमोव म्हणजे तिकडचा मोठा डायरेक्टर, माकारोवा मोठी नटी. तर पहिलं काम काय, तो 'ह' घालवायचा.

माझा धाकटा भाऊ इथल्या आरपीडी कॉलेजातनं बी.एस्सी. करून पुण्याला नोकरीला गेला तेव्हा पहिल्याच आठवड्यात मेसमध्ये म्हणाला, 'मी जेवण केलो.' टेबल हसलं. त्यानं मला पत्रात लिहिलं होतं की मला कळेना मी काय विनोद केलो. आपल्याकडं सगळे तसंच बोलतात, कानडीत क्रियापद करणाऱ्याच्या मागं जातं आणि मराठीत केलेल्या कामाच्या मागं जातं, आणि आपण दोन्हीच्या मधे राहिल्यामुळं आपलं क्रियापद जिकडं जायचं तिकडं जातं. तीन महिन्यांत भाऊ 'केलं' म्हणायला लागला. पण फोनवर आईशी बोलताना 'केलो' परत यायचा, आणि अजून राग आला की येतो.

तर रशियन का युक्रेनची? पासपोर्टवाल्यांना विचारलं तर एक उत्तर, तिला विचारलं असतं तर बहुतेक म्हणाली असती खार्किवची. रशियन भाषेत काम केलं, मॉस्कोत राहिली, मॉस्कोतच गेली ३० मार्च २०११ ला. पण जे पुस्तक लिहिलं ते खार्किवच्या लहानपणाचं. १९४१ च्या ऑक्टोबरात जर्मन फौज खार्किवात शिरली तेव्हा ती सहा वर्षांची पण नव्हती, बाप अकॉर्डियनसारखा बायान वाजवणारा, तो लढाईवर गेला, आईबरोबर ही गावात अडकली. जर्मन शिपायांसमोर गाणी म्हणून खायला मिळवायची, असं तिनंच लिहिलंय. शहर कायमचं सुटलं १९४३ च्या ऑगस्टमध्ये. आणि २०२२ पासनं त्याच खार्किववर परत तोफा पडतायत, या वेळी रशियाच्या. तेव्हा नेटवर दोन्ही बाजूचे लोक तिच्यावरनं भांडतात, तू त्या कॉमेंट्स वाचू नकोस, जेवण जात नाही.

अनगोळच्या एका गणेशोत्सव मंडळाचे सेक्रेटरी : ती फेमस कशी झाली? एखादा सुपरहिट पिक्चर सांगा.

'कार्नावल्नाया नोच', म्हणजे कार्निव्हलची रात्र, १९५६ चा डिसेंबर. तुम्ही मंडळाचे सेक्रेटरी आहात म्हणून सांगते, हा पिक्चर तुम्ही बघाच, कारण तुमच्यावरच आहे. एका सांस्कृतिक भवनात ३१ डिसेंबरचा कार्यक्रम बसवायचाय, तरुण पोरांनी गाणी, नाच, विदूषक सगळं तयार केलंय आणि ऐन वेळी नवीन साहेब येतो. इगोर इल्यिन्स्कीनं काय केलंय तो साहेब! त्याचं म्हणणं कार्यक्रम गंभीर पाहिजे, आधी माझं भाषण, मग एक व्याख्यान, मग वेळ उरला तर गाणं, तेही बसून. विदूषकांचा मेकअप काढायला लावतो. मंगळावर जीवन आहे का यावर बोलायला व्याख्याता बोलावलाय, त्याला पोरं आधीच पाजून ठेवतात आणि तो स्टेजवर येऊन बोलायचं सोडून नाचायला लागतो. आपल्याकडं आरतीच्या आधी चार पुढाऱ्यांचे सत्कार असतात ना, शाल-श्रीफळ संपता संपत नाही आणि मागं पोरं डान्सच्या ड्रेसमध्ये डासांना खातात, म्हणजे डास त्यांना खातात, अगदी तेच.

गुरचेन्को त्यात लेना क्रिलोवा, सगळ्या पोरांची म्होरकी. वय एकवीस. काळा घेरदार ड्रेस, हातात पांढरी मफ, म्हणजे हात ऊबदार ठेवायची गुंडाळी, मोठ्या घड्याळाखाली उभी राहून 'पाच मिनिटं' हे गाणं म्हणते, नवीन वर्षाला पाच मिनिटं आहेत म्हणून. डायरेक्टर एल्दार र्‍याझानोव, त्याचाही हा पहिलाच कथापट. रातोरात अख्ख्या देशाला ती माहीत झाली आणि ते गाणं तिकडं अजून दर ३१ डिसेंबरला लागतं.

बेळगावच्या एक निवृत्त शिक्षिका : पन्नास वर्षं सलग काम मिळणं नटीला शक्यच नाही असं मला वाटतं. हिरॉइनचं आयुष्य दहा वर्षांचं. तुम्ही जरा वाढवून लिहिलं का?

बाई, तुम्ही पेपर तपासल्यासारखं बरोबर पकडलंत. सलग नव्हतं. मी चार ओळीत लिहिताना मधला खड्डा वगळला, आणि खरं तर तो खड्डाच मला सांगायचा होता.

कार्निव्हलनंतर लगेच १९५८ मध्ये 'गिटारवाली मुलगी' असा तसल्याच धाटणीचा सिनेमा काढला तिला घेऊन, तो पहिल्याएवढा जमला नाही. आणि त्याच सुमारास पेपरात तिच्यावर लेख आला. कुठल्या पेपरात, तर 'कोम्सोमोल्स्काया प्रावदा'त, म्हणजे तरुण कम्युनिस्टांच्या मुखपत्रात. आरोप काय, तर ही बाई खाजगी कार्यक्रम करून वरचे पैसे घेते. तिकडं कलाकाराचा मेहनताना सरकार ठरवायचं, त्याच्या बाहेर कुणी क्लबात गाणं म्हणायला बोलावलं आणि हातात पैसे ठेवले तर तो गुन्हाच, 'डावीकडची कमाई' म्हणायचे त्याला. कमी-जास्त सगळेच करत असणार. पण बावीस वर्षांच्या फेमस पोरीवर लेख छापला की बाकीच्यांना आपोआप धडा. आणि एक बाजू तिनं स्वतः पुढं सांगितली, की १९५७ च्या मॉस्कोतल्या युवा महोत्सवात परदेशी पाहुण्यांवर नजर ठेवून बातम्या द्यायला तिला सांगितलं होतं आणि ती नाही म्हणाली. कोणत्या कारणाचा किती वाटा ते कोण मोजणार. पण कामं आटली एवढं खरं. पूर्ण बंद नाही पडली, छोटी मोठी मिळत होती, १९६५ च्या 'कामगार वस्ती'त चांगलं केलंय तिनं, आंधळ्या झालेल्या, दारूत बुडालेल्या नवऱ्याची बायको. पण ते बघून कुणी म्हणालं नाही की हिला अजून द्या. लोकांना ती घड्याळाखालची पोरगीच पाहिजे होती आणि डायरेक्टरांना तीच नको होती.

पंधरा वर्षं, बाई. तुमच्याकडं बी.एड. झालेली पोरगी पंधरा वर्षं तात्पुरत्या ऑर्डरवर काम करते तशी. बावीसची सदतीसची होते. हिरॉइनचं दहा वर्षांचं आयुष्य म्हणालात ना तुम्ही, हिची ती दहाच्या दहा वर्षं असली गेली. आणि मग जे सुरू झालं ते तिथनं पुढं तीस वर्षं.

शहापूरचे एक विणकर : ती विणकराचं काम केलेली आहे असं पोरानं मोबाईलवर वाचून दाखवलं. लूम चालवते का त्यात?

लूम नाही चालवत मामा, लूम चालवणाऱ्यांवर डोकं चालवते. 'स्तारिये स्तेनी', जुन्या भिंती, १९७३, डायरेक्टर विक्तोर त्रेगुबोविच. कापड गिरणीची डायरेक्टर आहे ती त्यात, आन्ना गिओर्गियेव्ना. गिरणीत बहुतेक सगळ्या बाया. त्यांचे नवरे, त्यांची पोरं, त्यांची भांडणं हिच्या टेबलावर. आणि हिचं स्वतःचं काय, तर काही नाही, दिवसभर गिरणी. मग समुद्राकाठी विश्रांतीला जाते आणि तिथं एक ड्रायव्हर भेटतो, आर्मेन जिगारखान्यान म्हणून नट आहे, त्याच्याशी काहीतरी जमतं, तेही जपून जपून, चाळिशीच्या माणसांचं जमतं तसं.

स्टुडिओतल्या लोकांना पटतच नव्हतं म्हणे की ही नाचगाण्यातली बाई गिरणीची साहेब होईल. झाली की. केस मागं ओढून बांधलेले, साधा कोट, आणि आवाज असा की वरडायची गरजच नाही. आमच्या शाळेत एक हेडमास्तरीण होत्या, त्या वर्गाच्या दारात नुसत्या उभ्या राहायच्या, बोलायच्या नाहीत. तसं. या कामाला तिला रशियन गणराज्याचं सरकारी पारितोषिक मिळालं १९७६ मध्ये. शहापूरवडगावात लूमची खटखट थांबली की माणसाला झोप येत नाही असं तुम्ही लिहिलंय पत्रात, ते मला फार आवडलं मामा. हा सिनेमा मोठा आवाज लावून बघा.

नाव नको म्हणणारी एक वाचक भगिनी : लग्नं किती केली तिनं? खरं सांगा.

बरीच. एक तर तिकडचा फार मोठा गायक होता, इओसिफ कोबझोन. टिकलं नाही. शेवटचा नवरा शेवटपर्यंत होता. मी एवढ्यावर थांबते, कारण नटाबद्दल आपण असं कधी विचारत नाही.

खडेबाजारातले एक टेलर : तुम्ही लिवलेल्या बाईचा फोटो बघितला मी. तो काळा ड्रेस कसा बसवलाय हो, कंबर केवढी आणि घेर केवढा! माप काय असेल?

बघा, विचारणारे टेलरच पाहिजेत! तिची कंबर ४८ सेंटिमीटर होती असं तिकडं सगळे सांगतात, म्हणजे एकोणीस इंच, आता टेप कुणी धरला होता ते विचारू नका. त्या वेळी युरोपात बारीक कंबर आणि खाली छत्रीसारखा घेर अशी फॅशन पॅरिसहून आली होती, ती सोव्हिएत पोरींना दुकानात मिळणारच नव्हती, मग त्यांनी सिनेमा बघून घरी शिवली. तुमच्याकडं पण लोक हिरॉइनचा फोटो घेऊन येतात ना ब्लाऊजच्या बाहीसाठी, तसंच.

आणि तुम्हाला आवडेल अशी गोष्ट म्हणजे ही बाई स्वतः हातात सुई घेणारी होती. ड्रेस आणायची आणि मग त्याला लेस लाव, मणी लाव, पिसं लाव, जुन्या ड्रेसची बाही काढून नव्याला जोड. नटून थटून राहायची हौस म्हातारपणी पण गेली नाही, लोक नावं ठेवायचे. युद्धात फाटकं घालून वाढलेलं पोर ते, मला तर त्यात काही चूक वाटत नाही. आणि गंमत बघा, १९७६ च्या 'युद्धाविना वीस दिवस'मध्ये तिला कामच नाटक कंपनीत कपडे सांभाळणाऱ्या बाईचं मिळालं. स्टालिनग्राडच्या लढाईतनं एक वार्ताहर वीस दिवसांच्या रजेवर ताश्कंदला येतो आणि ही भेटते. वार्ताहर कोण, तर युरी निकुलिन, म्हणजे मॉस्को सर्कशीतला खराखुरा जोकर, टिळकवाडीचे काका वाचताय ना, जोकर! आणि तो सिनेमाभर एकदाही हसवत नाही. अलेक्सेय गेर्मान डायरेक्टर. सुरवातीलाच रेल्वेत एक वैमानिक आपल्या बायकोची कहाणी सांगायला लागतो ती संपतच नाही, आपल्याला पण डब्यात असं कुणीतरी भेटतंच, लोंढ्यापासनं पुण्यापर्यंत बोलणारं.

गुरचेन्कोचा चेहरा त्यात बघा. पावडर नाही, थंडीनं ओठ फुटलेले. मला तरी वाटतं कार्निव्हलमध्ये ती दिसायला सुंदर होती आणि इथं बघत राहावीशी वाटते. दोन्हीत फरक आहे.

निपाणीहून एक वाचक : आपल्या भागात नट्या कमी झाल्या का? रशियापर्यंत कशाला जायला पाहिजे?

टोमणा पोचला. आणि निपाणीच्या माणसानंच मारला हे बरं झालं, कारण तुमच्या उशालाच खडकलाट आहे. सुलोचनादीदी खडकलाटच्या, जन्म १९२८. तिथनं कोल्हापूर, भालजी पेंढारकरांच्या हाताखाली शिकल्या, मग मुंबई. मराठीत हिरॉइन झाल्या, हिंदीत आई झाल्या, इतक्यांच्या आई झाल्या की अमिताभपासनं सगळे त्यांना आई म्हणायला लागले. १९९९ ला पद्मश्री, पुढं महाराष्ट्र भूषण, २०२३ च्या जूनमध्ये गेल्या, चौऱ्याण्णव वर्षांच्या होऊन. माझ्या आईचा एक नियम होता, पडद्यावर सुलोचनाबाई आल्या की पदर डोळ्याला लावायचा, अजून काही झालेलं नसलं तरी.

पण मला जे म्हणायचंय ते तिथंच सुरू होतं. आपल्याकडं बाई पस्तिशीची झाली की तिला पांढरा विग आणि खोकला देतात. सुलोचनाबाईंनी त्या आया सुद्धा सोन्याच्या केल्या ही त्यांची ताकद, पण मुलगा सोडून त्या बाईला स्वतःचं काही म्हणणं असेल असं लिहिणाऱ्याला वाटायचं नाही. गुरचेन्कोला चाळिशीनंतर प्रेम करायला मिळालं पडद्यावर. १९७८ चा 'पाच संध्याकाळी' बघा, निकिता मिखाल्कोवचा. त्याचा दुसरा मोठा सिनेमा चालू होता, त्याच्या मधल्या सुट्टीत महिनाभरात उरकला आणि मला विचाराल तर त्या मोठ्यापेक्षा हाच बरा झालाय. युद्धामुळं दुरावलेला माणूस सतरा-अठरा वर्षांनी परत दारात उभा राहतो, आणि ती चिडते, त्याला बसवते, पुन्हा चिडते. खोल्या दोन, माणसं पाच-सहा, संपला पिक्चर. शेवटी ती त्याच्याजवळ बसून बोलत राहते, 'फक्त युद्ध नको व्हायला' म्हणते, आणि काळ्यापांढऱ्या खोलीत हळूहळू रंग येतो. मी तीनदा बघितलाय, तिन्ही वेळा चहा गार झाला.

खेळकरपणा पण गेला नव्हता हं. रुमानियातल्या एका मुलांच्या म्युझिकलमध्ये ती शेळी झाली होती, सात करडांच्या गोष्टीतली, आणि त्याच्या बर्फावरच्या शूटिंगमध्ये तिचा पाय मोडला, वाईट मोडला, हाडाचे तुकडे झाले. बरा झाल्यावर परत नाचली. १९८४ च्या 'प्रेम आणि कबुतरं'मध्ये तर खेड्यातल्या साध्या माणसाला भुलवणारी शहरी बाई झाली, टेलिपथी, परग्रहावरची माणसं असलं काहीबाही बोलून त्याला गुंडाळते. हसून हसून पोट दुखतं. खार्किवची 'ह'वाली पोरगी, आणि शहरी बाईचं सोंग तिनं असं काढलंय की बघताना कळतं, हिनं त्या शहरी बायांकडे वर्षानुवर्षं नीट बघून ठेवलेलं होतं.

१९८३ मध्ये तिला 'सोव्हिएत संघाची जनतेची कलाकार' हा कलाकारांचा सगळ्यात मोठा किताब मिळाला. संघ फुटल्यावर बऱ्याच जुन्या नटांचे हाल झाले, ही गात राहिली, २००६ मध्ये त्याच र्‍याझानोवनं 'कार्नावल्नाया नोच'चा पन्नास वर्षांनंतरचा भाग काढला त्यात पण आली. आणि २००९ मध्ये एका आंधळ्या पियानोवादक पोरावरचा सिनेमा केला, त्याचं सहदिग्दर्शन तिचं, संगीत तिचं, काम तिचं. वय त्र्याहत्तर. आपण त्या वयात गॅसचा नंबर लावायला पण नातवाला बोलावतो.

बेळगाव कॅम्पातून एक वहिनी : आम्ही भिशीच्या सहाजणी मिळून एकच सिनेमा बघणार, टीव्हीला मोबाईल जोडून. कुठला लावू? आणि भाषेचं काय?

'वोक्झाल द्ल्या द्वोईख', दोघांचं स्टेशन, १९८२, पुन्हा र्‍याझानोव. पुढच्या वर्षी फ्रान्समधल्या कान महोत्सवात स्पर्धेत होता हा. मॉसफिल्म कंपनीनं आपले जुने सिनेमे यूट्यूबवर फुकट ठेवलेत, खाली इंग्रजी अक्षरं येतात, तेव्हा इंग्रजी वाचणारी एक सून पकडून आणा. दोन भाग आहेत, वडे आधी तळून ठेवा.

गोष्ट अशी की प्लातोन नावाचा एक पियानो वाजवणारा माणूस रेल्वेनं चाललाय. बायकोनं गाडीखाली माणूस मारलाय आणि यानं ते आपल्या अंगावर घेतलंय, आता तुरुंग ठरलेला. मधल्या स्टेशनवर जेवायला उतरतो, जेवण इतकं वाईट की हात लावत नाही आणि न खाल्लेल्याचे पैसे देणार नाही म्हणून वेट्रेसशी हुज्जत घालतो. पोलीस येतात, गाडी सुटते. ती वेट्रेस म्हणजे वेरा, म्हणजे आपली गुरचेन्को. मग तिचा एक मित्र, दुसऱ्या गाडीवरचा कंडक्टर, मध्य आशियातनं विकायला आणलेली खरबुजं याच्या राखणीला ठेवतो आणि याचा पासपोर्ट घेऊन निघून जातो. आता पासपोर्ट नाही, पैसे नाहीत, हॉटेलात खोली नाही, एक स्टेशन आहे आणि ही भांडखोर बाई आहे. दोघं बाकावर झोपतात.

मी हा सिनेमा माझ्या मोठ्या आत्याबरोबर बघितला, एक्याऐंशीची आहे, नंदगडची, इंग्रजी येत नाही, मराठी आणि कानडी एकाच वाक्यात बोलते. मी अक्षरं वाचून मराठीत सांगत होते. पहिली दहा मिनिटं तिनं मला 'तू गप बस, कळतंय मला' म्हणून गप्प केलं. वेट्रेस भांडायला लागल्यावर म्हणाली, बरोबर आहे तिचं, ताट वाढून झालं म्हणजे पैसे द्यायलाच पाहिजेत, आमच्या खाणावळीत पण असले यायचे. तिची खाणावळ होती लोंढ्याला, बावीस वर्षं. वेरा केस सारखे करते, एप्रनला हात पुसते, गिऱ्हाइकाकडे न बघता ताट ठेवते, हे सगळं आत्या एकटक बघत होती. एकदा म्हणाली, 'ही कधीतरी खरंच वाढलेली आहे बघ.' मी म्हटलं आत्या, ती नटी आहे. 'असू दे की', म्हणाली, 'पण हात बघ तिचा.'

शेवट मी सांगणार नाही, बर्फात पहाटे पळतात आणि अकॉर्डियन आहे एवढंच सांगते. तो संपला, मी डोळे पुसत होते, आत्यानं चष्मा काढून पदरानं पुसला, परत घातला आणि टीव्हीकडे बोट करून विचारलं, 'ते सगळं बरं झालं, पण मधे तो खरबुजं घेऊन बाजारात बसला होता, काय भावानं गेली गं?'